सड्यापासून पुळणीपर्यंत : गावाची जीवयादी जागेजागेने कशी लिहावी

जैवविविधता नोंदवहीत आंबा, काजू, फणस, माकड, मोर अशी नावं एकाखाली एक लिहिली, की ती यादी देवगडची आहे की देवरुखची, हे वाचणाऱ्याला सांगता येत नाही. त्याच यादीत प्रत्येक नावापुढे जागा लिहून बघा. दीपकाडी : सड्यावरची, म्हणजे कातळाच्या पठारावरची, बोटभर माती. तिसरे (शिंपले) : खाडीतली रेव. ककणेर, म्हणजे धनेश : देवळामागचं पोकळ झाड. लगेच गाव दिसायला लागतं.

मी देवगड तालुक्यातल्या खाडीकाठच्या एका गावात राहते. माहेर सड्यावरच्या वाडीतलं, सासर खाडीच्या तोंडाशी. शाळेत विज्ञान शिकवते आणि पंचायतीच्या जैवविविधता समितीचं काम करते. जैविक विविधता कायदा २००२ चा, त्याचे पहिले नियम २००४ चे. गावोगावी समिती नेमायची आणि लोकांना विचारून नोंदवही करायची, हे त्यातच आहे. राष्ट्रीय हरित लवादाने ३१ जानेवारी २०२० ही मुदत घालून दिल्यावर पुष्कळ वह्या घाईत पुऱ्या झाल्या. नावं आली, जागा राहिल्या. त्या जागा कशा भरायच्या ते इथे लिहिते, कारण माझी पक्की खात्री आहे की कोकणातल्या गावाची श्रीमंती जागांच्या वेगळेपणात आहे. माती किती जाड, पाणी किती दिवस टिकतं, ऊन थेट पडतं की गाळून, मीठ किती, यांतली एखादी गोष्ट बदलली तरी तिथे राहणारे जीव बदलतात. आणि आमच्याकडे दोन-तीन किलोमीटर उतारावर या चारही गोष्टी बदलतात.

पहिलं काम, गावाच्या नकाशावर एक आडवी रेघ मारा. सड्याच्या माथ्यावरून निघायचं, देवराईतून, व्हाळाच्या (ओढ्याच्या) कडेने, मळ्यातून, खाडीवरून समुद्राला जायचं. रेघ सरळ नसली तरी चालेल, पण गावातली प्रत्येक वेगळी जागा तिच्यावर आली पाहिजे. या रेघेवरच्या प्रत्येक जागी एक ठरावीक चौकोन घ्या, दहा पावलं लांब आणि दहा रुंद. प्रत्येक चौकोनात सारखाच वेळ थांबा, अर्धा तास पुरतो. देवराईत दोन तास रमायचं आणि सड्यावर ऊन लागतं म्हणून दहा मिनिटांत पाय काढायचा, असं केलं तर याद्यांची तुलना करता येणार नाही. वही पेन्सिलने लिहा, पावसात शाई फुटते. तारखेबरोबर तिथी लिहा. खाडीवर ती लागणार आहे.

दुसरं काम माणसांकडे जाण्याचं. गावातल्या जागा सर्वांत बारकाईने ज्यांना ठाऊक असतात, ते सभेला बोलत नाहीत. गुरं राखणारे आबा, तिसरे काढणाऱ्या काकी, आणि गणपतीत माटवीचं सामान आणणारे. माटवीपासूनच सुरुवात करा, असं मी दरवेळी सांगते. गणपतीच्या डोक्यावर बांधायच्या त्या चौकटीला तेरडा, कळलावी, शेरवडाची पांढरी पानं, कवंडळाची लाल फळं, ऐनाची फळं, आंब्याचे टाळे, नारळ, सुपारी लागतात. एकेक वस्तू कुठून आणता ते विचारा. तेरडा सड्याच्या उतारावरचा, कवंडळ रानाच्या कडेचं, ऐन वरकस जमिनीतला, सुपारी पाणी लावलेल्या बागेतली. एका माटवीत गावातल्या चार-पाच तऱ्हेच्या जागा टांगलेल्या असतात, आणि हे सामान मिळायला पूर्वीपेक्षा कुठे लांब जावं लागतं, त्यावरून कुठली जागा आटली तेही कळतं.

प्रश्न सरळ विचारा. "काकी, हे तिसरे खंय गावतत?" मला मिळालेलं उत्तर असं होतं : "निसतो चिखल आसा थंय नाय, रेव आणि चिखल मिसाळलेलो आसा थंय." हे वाक्य मी जसंच्या तसं वहीत उतरवलं आहे. जागेचं इतकं नेमकं वर्णन करायला आपल्याला वेगळं शास्त्र लागत नाही.

सडा

सड्यावर मी सर्वांत जास्त थांबणार, कारण त्याच्यावरच सर्वांत जास्त अन्याय होतो. सातबाऱ्यावर तो पोटखराब. एप्रिलमध्ये काळा, तापलेला, निर्जीव दिसतो. त्यामुळे तिथे काही नाही असं समजून खाण, इमारत, रस्ता सगळं तिकडे ढकललं जातं. तुमचा चौकोन एप्रिलमध्ये आखा, पण यादी जूनपासून ऑक्टोबरपर्यंत दर महिन्याला पुन्हा करा. एकाच चौकोनाच्या इतक्या वेगळ्या याद्या दुसऱ्या कुठल्याही जागी मिळत नाहीत.

सडा ही एकच जागा आहे असं मानू नका. उघडा कातळ वेगळा, कातळावरची बोटभर माती वेगळी, वीतभर मातीचं गवत वेगळं, पाणी साचणारी डबकी वेगळी, सुटे दगड वेगळे, कड्याच्या फटी वेगळ्या. चौकोनात यांतलं काय काय आहे ते आधी काढून घ्या, मग प्रत्येकासमोर जीव लिहा. पाऊस लागला की पातळ मातीत दीपकाडीची पांढरी फुलं येतात. ही वनस्पती कोकण-गोव्याकडच्या सड्यांवरच वाढते. ऑगस्ट-सप्टेंबरात ओल्या मातीवर सीतेच्या आसवांचा निळा-जांभळा थर पसरतो, मध्ये गेंदाची पांढरी बोंडं, कडेला कवल्याची पिवळी फुलं. खाली वाकून बघितलं तर दवबिंदू दिसेल, चिकट थेंबांनी किडे धरणारी इवलीशी वनस्पती. सीतेची आसवंही जमिनीखालच्या बारीक पिशव्यांत सूक्ष्म जीव पकडतात. अशा दोन-दोन कीटकभक्षी वनस्पती इथेच का? या मातीत नत्र फार थोडं आहे म्हणून. खत घातलेल्या मातीत दुसरं गवत जोर धरतं आणि त्यांना जागा उरत नाही. म्हणजे जमिनीचं गरीब असणंच त्यांना जगवतं. मुलांना हे समजावून सांगताना मला फार आनंद होतो, कारण गरीब जमीन म्हणजे वाईट जमीन हा समज तिथेच गळून पडतो.

डबक्यांजवळ पांढरी वाटी घेऊन बसा. पाणी उचलून बघा. त्यात फेअरी श्रिम्प नावाचे बोटाच्या पेराएवढे पारदर्शक जीव उलटे पोहताना मिळू शकतात. डबकं सुकलं तरी त्यांची अंडी मातीत तग धरून पुढच्या पावसाची वाट बघतात. बेडूकही इथे अंडी घालतात, कारण चार महिन्यांच्या डबक्यात मासे नसतात आणि डिंबकं वाचतात. डबकं सुकतं हाच त्याचा उपयोग आहे. त्याला सिमेंटचा बांध घालून बारमाही करायची योजना कोणी आणली तर समितीने आधी ही यादी पुढे ठेवावी.

सुटे दगड हाताने उचलू नका. खाली फुरसं असू शकतं, आणि फुरसं चावलं तर वेळ न घालवता रुग्णालय गाठायचं असतं. पायात गमबूट, हातात काठी, आणि काठीने सरकवलेला दगड होता तसाच परत ठेवायचा. त्याच दगडाखाली पांढऱ्या आडव्या पट्ट्यांची एक लहान पाल राहते, दक्षिण कोकणातल्या सड्यांची खास रहिवासी. दगड उलटा टाकला तर खालची ओल उडते आणि तिचं घर मोडतं. पक्ष्यांमध्ये पीतमुखी टिटवी, चंडोल, डोंबारी लिहा. ही मंडळी जमिनीवर अंडी घालतात, तेव्हा मार्च ते जून चौकोनात पाय जपून टाका. कातळशिल्पं दिसली तर त्यांचीही नोंद करा. २०२२ मध्ये कोकणची कातळशिल्पं युनेस्कोच्या संभाव्य वारसा यादीत गेली आहेत. ज्या दगडावर ती कोरली त्याच दगडावर ही फुलं आहेत, एकाचं राखण दुसऱ्यालाही मिळतं.

एक शब्द बागांविषयी. सुरुंग लावून सड्यावर खड्डे घेतले, माती आणून भरली, कलमं लावली, की गाव हिरवंगार दिसतं. हापूस आमच्याही घराचं पोट भरतो, बागायतदाराला मी बोल लावणार नाही. पण हिरवं वाढलं म्हणजे जीव वाढले असं धरून चालू नका. त्यासाठीच पुढे हिशेब दिला आहे.

देवराई आणि तिच्या शेजारची बाग

इथे दोन चौकोन घ्या, एक राईत आणि एक जवळच्या काजूच्या बागेत. दोन्हीकडे उभं राहून चार उंचींवर पानं आहेत का ते बघा : गुडघ्याखाली, डोक्याइतक्या उंचीवर, त्याहून वर माडाच्या निम्म्यापर्यंत, आणि त्याच्याही वर. बागेत बहुधा एका थरात खूण होईल. राईत चारही थरांत, शिवाय वर चढलेली गारंबी वेगळी. १९६१ मध्ये रॉबर्ट आणि जॉन मॅकआर्थर या भावांनी अमेरिकेतल्या रानांत दाखवून दिलं होतं की पक्ष्यांची विविधता झाडांच्या जाती किती यापेक्षा पानांचे थर किती यावरून जास्त चांगली कळते. तोच पडताळा आपल्या राईत चार खुणांनी घेता येतो.

थरांनंतर पोकळ्या मोजा. मोठ्या बेहड्याला, सातविणीला, जुन्या आंब्याला ढोल्या असतात. धनेशाची मादी ढोलीत शिरते आणि ढोलीचं तोंड लिंपून घेते. बारीक फट तेवढी राहते, तिच्यातून नर तिला आणि पुढे पिल्लांना फळं भरवतो. एवढी ढोली तयार व्हायला झाडाचं वय लागतं. नवीन लागवड कितीही केली तरी आपल्या हयातीत ती मिळणार नाही. म्हणून राईतलं वठलेलं किंवा अर्धं पोकळ झाड "धोकादायक" म्हणून तोडायचा ठराव आला तर ढोलीत कोण आहे ते आधी बघून या. फेब्रुवारी ते मे तर नक्कीच.

राईत पाणी असेल तर तो आणखी वेगळा चौकोन. दोडामार्गात हेवाळे-बांबर्ड्याला रानजायफळाच्या कुळातल्या झाडांची दलदल देवाच्या नावाने राखली गेली. तिथे मुळं गुडघ्यासारखी वाकून चिखलाबाहेर श्वास घेतात. आज ती जैवविविधता वारसा स्थळ आहे. आमच्या राईतला झरा त्या मानाने लहानसा. तरी त्याच्या काठावरची शेवाळं, नेचे, खेकडे बाकीच्या राईत नाहीत.

राईत जाण्यापूर्वी गावकरांना, मानकऱ्यांना विचारा. चपला कुठे काढायच्या, कुठल्या बाजूला जायचं नाही, हे पाळा. ही जागा ज्यांच्या श्रद्धेने राहिली त्यांचा मान राखूनच तिची यादी व्हावी.

व्हाळ आणि मळा

व्हाळाचं मोल पहिल्या जोरदार पावसात कळतं. तेव्हा मासे प्रवाहाविरुद्ध मळ्यात चढतात, अंडी घालायला. चढणीचे मासे आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहेत. शिंगटी, मरळ, वाम अशी नावं लिहाच, पण ते कुठून चढतात आणि कुठे अडतात तेही लिहा. उंच पाईप टाकलेली मोरी, पक्का बांध, कुंपणाची भिंत. भाताचं खाचर त्या महिन्यांत माशांचं बाळंतघर असतं. वाट तुटली तर मळाही आहे, व्हाळही आहे, आणि मासे नाहीत. बांधावरचे मुठे (खेकडे) आणि बगळेही याच पानावर येतील.

खाडी : आधी भरतीचा हिशेब

खाडीवर वेळ चुकली तर काहीच दिसत नाही. जुना हिशेब पक्का लक्षात ठेवा. तिथीच्या आकड्याला तीनाने गुणून चाराने भागलं की भरतीची वेळ मिळते. तृतीयेला सव्वादोन. त्याच्या सुमारे सहा तास आधी, सकाळी सव्वाआठला, ओहोटी. आमच्याकडे दक्षिणेला भरती मुंबईच्या आधी लागते, म्हणून तासभर लवकर पोचावं. पौर्णिमा-अमावास्येनंतरच्या दोन-तीन दिवसांत उधाण असतं, पाणी खूप आत ओसरतं. अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे लहान भरती-ओहोटी, तेव्हा खाडी फारशी उघडी पडत नाही. यादीसाठी द्वितीया-तृतीयेची सकाळ धरा.

ओहोटीला काठापासून पाण्यापर्यंत सरळ चाला आणि झाडं बदलतात ती जागा खूण करा. तिवराची श्वासमुळं चिखलातून पेन्सिलीसारखी सरळ वर येतात. कांदळाची मुळं खोडापासून कमानी टाकत उतरतात. चिप्पी, म्हणजे २०२० मध्ये राज्याचं कांदळवन वृक्ष ठरलेली पांढरी चिप्पी, सहसा पाण्याच्या बाजूला सापडते. तिचं फूल रात्री उमलतं आणि मधाला वटवाघळं येतात. मागच्या बाजूला काटेरी मारांदी. किती वेळ पाण्याखाली राहायचं आणि किती मीठ सोसायचं, यावर ही रांग लागलेली असते.

आता चिखलात बघा. निवट्या (छोटे मासे) चिखलावरून सरकत जातात. कांदळाच्या मुळांमध्ये कुर्ल्या लपतात, आणि मुळांना कालवं धरलेली असतात. सुंगटांची (कोळंबीची) आणि तांबोशाची पिल्लं याच मुळांच्या जाळीत लहानाची मोठी होतात, नंतर उघड्या पाण्यात जातात. त्यामुळे कांदळवनाची खरी यादी जाळ्यातही बघावी लागते. बंदरावर जाऊन "हे कुठे पकडलंत" ते विचारा. पावसाळ्यात खाडीचं पाणी गोडं होतं आणि ऑक्टोबरनंतर पुन्हा खारं, म्हणून या जागेच्या दोन याद्या करा. हूद, म्हणजे पाणमांजर, दिसला तर जरूर लिहा. पाऊलखुणा आणि माशांच्या खवल्यांनी भरलेली विष्ठा सापडली तरी ती नोंद धरा.

खडक आणि पुळण

खडकावर उंचीप्रमाणे पट्टे दिसतील. सर्वांत वर बारीक शंखांचे जीव, दिवसदिवस कोरडे राहू शकणारे. खाली खडकाला घट्ट चिकटलेली बार्नेकल आणि कालवं. त्याखाली समुद्रशैवाल, समुद्रफुलं, आणि ओहोटीतही न सुकणारी कुंडं. दहा पावलांच्या चौकोनाऐवजी इथे वरून खाली दोरी टाका आणि दोरीच्या कडेची यादी करा. शंकूच्या आकाराचा शंख हातात घेऊ नका, त्यातला जीव विषारी डंख मारतो. आणि पावसाळ्यात खडकावर जायचं नाही, कुठल्याही कारणाने नाही.

पुळणीवर मर्यादवेल आणि रावणाच्या मिशा वाळू धरून ठेवतात. त्यांच्या आसपास, भरतीच्या रेषेच्या वर, नोव्हेंबर ते मार्चमध्ये ऑलिव्ह रिडले कासवं घरटी करतात. २००२ मध्ये रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासला सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने घरटी राखायला सुरुवात केली. आता तांबळडेगसारख्या आमच्या तालुक्यातल्या किनाऱ्यांवरही हे काम होतं. वाळू किती तापते यावर पिल्लं नर होणार की मादी ते ठरतं, म्हणजे सावली, वेल, वाळूचा जाडपणा सगळं लिहिण्याजोगं आहे. २०२१ मध्ये ओडिशात टॅग लावलेलं एक कासव २०२५ मध्ये गुहागरला अंडी घालताना सापडलं. आपली पुळण किती दूरच्या पाण्याशी बांधलेली आहे! घरटं दिसलं तर उकरू नका, वनखात्याच्या कासवमित्राला कळवा.

याद्यांचा हिशेब

सगळ्या याद्या समोर ठेवा आणि दोन-दोन जोडून बघा. दोन्हींत सामाईक जाती किती, त्यांची दुप्पट करा आणि दोन्ही याद्यांच्या बेरजेने भागा. उत्तर एकच्या जवळ आलं तर जागा सारख्या, शून्याच्या जवळ आलं तर अगदी वेगळ्या. समजा, दोन कलमबागांत ३० आणि ३२ जाती मिळाल्या, सामाईक २६. उत्तर ०.८४, आणि दोन्ही मिळून जाती ३६. समजा, सड्यावर ४० आणि राईत ५०, सामाईक ६. उत्तर ०.१३, आणि दोन्ही मिळून ८४. दुसरी बाग वाढली तेव्हा गावाच्या यादीत सहा नावं आली. सड्याच्या जागी बाग केली तर फक्त सड्यावर असणारी ३४ नावं जातील. पंचायतीत बोलताना हे आकडे तुमच्या स्वतःच्या चौकोनांचे असू द्या. त्यांना कोणी सहज उडवून लावत नाही.

प्रत्येक जागेचं पान झाल्यावर एक पान ये-जा करणाऱ्यांसाठी राखा. चढणीचे मासे, हूद, खाडीतून समुद्रात जाणारी सुंगटं, डबक्यातून मळ्यात येणारे बेडूक. समुद्रगरुड, जो काठावरच्या उंच झाडावर घरटं करतो आणि पाण्यावर शिकार करतो. या जीवांना एक जागा राखून पुरत नाही, दोन्ही लागतात आणि मधली वाटही. माझ्या मते हे पान सगळ्या वहीत मोलाचं आहे, आणि तेच बहुतेक ठिकाणी कोरं असतं.

नाव न कळलेल्या जातींना ओढूनताणून नाव देऊ नका. गावातलं नाव, रंग, आकार, जागा, फोटो एवढं ठेवा. उपटून आणू नका. जवळच्या महाविद्यालयातल्या वनस्पतिशास्त्राच्या किंवा प्राणिशास्त्राच्या शिक्षकांना दाखवा. औषधी वनस्पतींची माहिती सांगणाऱ्याची परवानगी घेतल्याशिवाय कृती लिहू नका, आणि परवानगी दिली तर त्यांचं नाव घाला. शेवटी ग्रामसभेत वही जागेजागेने वाचा, आधी सडा, मग राई. वाडीवाडीतल्या लोकांना दुरुस्त्या सांगू द्या आणि त्या तिथेच पेन्सिलीने करा. एक प्रत पंचायतीत, एक शाळेत. पुढच्या श्रावणात सड्याची फेरी करताना शाळेतली प्रत मुलांच्या हातात द्या.